एकच व्यक्ती असल्याचा दाखला

यंत्राने माणसाचं दुःख माणसाच्या आधी ऐकावं, असा क्षण मानवजातीच्या इतिहासात एकदाच येतो. 'आरोग्यध्वनी' योजनेच्या उद्घाटनात हे वाक्य उच्चारलं गेलं तेव्हा माइक बंद होता. तो सुरू झाल्यावर वाक्य पुन्हा म्हणण्यात आलं, त्यामुळे तो क्षण प्रत्यक्षात दोनदा आला.

योजना मात्र खरी होती आणि तिच्यामागचं विज्ञानही खरं होतं. बोलताना घशातले दोन स्वरतंतू सेकंदाला शंभर-सव्वाशे वेळा उघडझाप करतात. प्रत्येक उघडझाप मागच्यासारखीच नसते, केसभर फरक पडतो. निरोगी माणसात हा फरक कसाही, कुठेही पडतो. पण मेंदूच्या तळाशी डोपामीन तयार करणाऱ्या पेशी मरू लागल्या की त्या फरकाला एक ठेका येतो. त्या आजाराला आपण कंपवात म्हणतो, कारण हात कापायला लागला की आपल्याला तो कळतो. तोवर निम्म्याहून जास्त पेशी गेलेल्या असतात. हाताचे स्नायू दणकट, ते उशिरा कुरकुरतात. घशाचे नाजूक, ते सात-आठ वर्षं आधी सांगू लागतात. फक्त इतकं हळू सांगतात, की एका घरात राहणाऱ्या माणसालाही ऐकू येत नाही. यंत्राला येतं.

सरकारी हेल्पलाइनवर फोन करणाऱ्या प्रत्येकाचा आवाज या यंत्राकडे जाई. 'आपला कॉल गुणवत्तेसाठी नोंदवला जात आहे' यातली गुणवत्ता म्हणजे फोन करणाऱ्याची गुणवत्ता, हे लोकांच्या लक्षात आलं नव्हतं. तरीही २०४३च्या मार्चमध्ये तपासणीचं उद्दिष्ट बरंच मागे राहिलं होतं. मार्चअखेर जवळ आली की सरकारी खात्यांना जी प्रतिभा सुचते ती इथेही सुचली. कोणीतरी गेल्या दहा वर्षांतल्या मराठी मालिकांचे सगळे भाग यंत्राला ऐकवले. बोलणाऱ्यांची नावं खाली येणाऱ्या सबटायटलच्या पट्टीवरून घेतली. एकतीस मार्चला उद्दिष्ट ओलांडलं गेलं. तपासलेल्या नागरिकांमध्ये अकरा भुतं आणि एक नागीण होती. नागिणीचा घसा निरोगी निघाला.

अंतूरकरांचा निघाला नाही.

य. रा. अंतूरकर हे 'केसपेपर काढा' या विनोदी मालिकेतल्या सरकारी रुग्णालयाचे हेडक्लार्क. खिडकी क्रमांक तीन. पोटात सुरी घुसलेला माणूस समोर उभा राहिला, तरी अंतूरकर चेहऱ्यावरची एक रेष न हलवता, खोल गेलेल्या, किंचित कापऱ्या आवाजात विचारत, "झेरॉक्स आणलीत? दोन्ही बाजूंची?" मग पाय घासत कपाटापर्यंत जात, मुंगीएवढ्या अक्षरात काहीतरी लिहीत, आणि महाराष्ट्र नऊ वर्षं हसत होता.

अंतूरकर साकारणाऱ्या नटाचं नाव मकरंद हुपरीकर. वय चौपन्न, राहणार कोल्हापूर. ते नाव फारसं कोणाला ठाऊक नव्हतं. भाजीवालीसुद्धा त्याला "घ्या अंतूरकर, मेथी ताजी आहे" म्हणत असे.

*

पत्र आलं ते मालिकेच्या सेटवर. सेटवरच्या रुग्णालयाला पाटी होती, पाटीवर पिनकोड होता, त्यामुळे पोस्टमन थेट नोंदणी विभागात आला आणि रांगेतल्या ज्युनिअर कलाकारांना विचारू लागला, "अंतूरकर कोण?" साऱ्या रांगेने खिडकी क्रमांक तीनकडे बोट दाखवलं.

"ओळखपत्र आणलंत?" मकरंद अंतूरकरांच्या आवाजात म्हणाला. "झेरॉक्स?"

पोस्टमन मनापासून हसला. मकरंदने पोचपावतीवर अंतूरकरांची सही केली, मुंग्यांची रांग जावी तशी, आणि पाकीट फोडून त्याच आवाजात मोठ्याने वाचायला लागला.

"महोदय, आपल्या आवाजाच्या नऊ वर्षांतील चारशे सहा नमुन्यांवरून आपणास कंपवाताची पूर्वावस्था असल्याची संभाव्यता शेकडा सत्त्याऐंशी आहे. उपचाराची मुदत तीस सप्टेंबर. मुदतीनंतर आलेल्या अर्जांचा विचार केला जाणार नाही."

सेट कोसळला. दिग्दर्शिका रेवती डोळे पुसत म्हणाली, "पुढचा एपिसोड तयार! लिहायचीसुद्धा गरज नाही. अक्षरशः जसंच्या तसं घ्या."

हसला नाही तो एकटा शब्बीर सतारमेकर. शब्बीरभाई मालिकेचे ध्वनिमुद्रक. मिरजेत त्यांच्या चार पिढ्या सतारी बनवत आल्या होत्या. तारेखालच्या घोडीवर कानस फिरवून, तार जुळली आहेच पण तिला जवारी आली आहे का, म्हणजे तिचा नाद भरून येतोय का, हे ओळखणारे कान त्यांना वारशाने मिळाले होते. त्यांनी हेडफोन गळ्यात घेतला आणि ते मकरंदच्या जवळ आले.

"मकरंदराव, जरा 'आ' म्हणा."

"कुठला आ?"

"साधाच. लांब. श्वास संपेपर्यंत."

मकरंदने आ म्हटला. शब्बीरभाईंनी डोळे मिटून ऐकला.

"बरं," ते म्हणाले. "चहा घ्या आता."

"काय झालं?"

"काय नाही ओ. चहा घ्या, गार होतोय."

मिरजेचा माणूस 'काय नाही ओ' असं दोनदा म्हणाला की काहीतरी असतं. शब्बीरभाई दिवसभरात चारदा म्हणाले.

*

रविवारी सकाळी मकरंदने ते पत्र घरी वाचून दाखवलं. बायको, शलाका, हायस्कूलमध्ये गणित शिकवत असे आणि विनोदाला हातातलं उदाहरण सुटल्यावर हसत असे. ती पेपर तपासता तपासता ऐकत होती. थोड्या वेळाने तिने लाल पेन खाली ठेवलं.

"मस्करी नको. तुझ्या आवाजात वाच."

"माझ्याच आवाजात वाचतोय."

तिने पेन उचललं, बरोबर आलेल्या उत्तरावर फुली मारली, आणि नंतर ती खोडली.

त्यांच्या लग्नाला सव्वीस वर्षं झाली होती. इतकी वर्षं शलाका तो काय बोलतो ते ऐकत नसे आणि दोघांचं बरं चाललं होतं. त्या दिवसापासून ती तो कसा बोलतो ते ऐकू लागली. "भाजीत मीठ जरा कमी आहे" असं तो म्हणाला की ती मान किंचित कलती करे आणि मीठ आणायला उठत नसे. मकरंद कमी बोलू लागला. मग तिने कुठेतरी वाचलं की कमी बोलणं हेसुद्धा लक्षण असू शकतं. मग तो जास्त बोलू लागला. एकदा अंघोळीहून येताना त्याला दिसलं, की ती फोन कानाला लावून काहीतरी ऐकते आहे. तो त्याचाच आवाज होता. तो आदल्या दिवशीचा वाणसामानाचा निरोप होता, साबुदाणा, शेंगदाणे, आणि ती डोळे मिटून तिसऱ्यांदा ऐकत होती.

"शलाका."

"हं?"

"साबुदाणा आणलास का?"

"नाही," ती म्हणाली, "शब्दांकडे लक्षच नव्हतं."

*

निदान पक्कं करायचं तर मेंदूचं स्कॅन लागतं. त्यासाठी शिरेतून द्यायचं औषध फक्त योजनेमार्फत मिळे, त्यामुळे कुठल्याही दवाखान्यात गेलं तरी नंबर लावायचा तो योजनेच्याच खिडकीवर. एप्रिलमध्ये मकरंद त्या खिडकीवर गेला. खिडकी क्रमांक तीन होती. त्याने ते मनाला लावून घेतलं नाही.

"नाव?" आतल्या बाईंनी विचारलं. टेबलावर पाटी होती, सौ. तांदळे.

"मकरंद दत्तात्रय हुपरीकर."

खिडकीवरच्या यंत्राने आवाज ऐकला आणि ते गोड स्वरात म्हणालं, "नमस्कार, अंतूरकर. आपली फाइल आमच्याकडे आहे."

तांदळेबाईंनी वर पाहिलं. "अगंबाई! तुम्हीच की! आमच्या सासूबाई तुमचा भाग चुकवत नाहीत. आमचं तर ट्रेनिंगच तुमच्या मालिकेवर झालंय."

"ट्रेनिंग?"

"म्हणजे काय करू नये ते शिकवायला दाखवायचे. पण नंतर तेवढंच लक्षात राहतं बघा. बोला, काय काम?"

"फाइलवरचं नाव दुरुस्त करायचंय."

"नाव बदललंय का तुम्ही?"

"नाही हो. ते नाव माझं नाहीच."

"मग ज्यांचं आहे त्यांना पाठवा."

"ते नाहीयेत. खोटे आहेत ते. मालिकेतले."

"असं कसं? आवाज जुळतोय की त्यांचा." तांदळेबाईंनी स्क्रीन फिरवून दाखवला. "हे बघा, माणूस आहे. वजन-उंची भरलेली नाही, तेवढं सोडा. तुम्ही असं करा, एकच व्यक्ती असल्याचं प्रतिज्ञापत्र आणा. रेशनकार्डावर एक नाव नि आधारवर दुसरं असलं की लोक आणतात ना, तसं. मकरंद दत्तात्रय हुपरीकर आणि य. रा. अंतूरकर हे एकच. मग फाइल तुमच्या नावावर चालेल. आणि त्याची झेरॉक्स."

मकरंद वाट पाहत राहिला. बाई हसतील असं त्याला वाटलं.

"दोन्ही बाजूंची," बाई म्हणाल्या. त्या हसत नव्हत्या.

कोर्टाच्या आवारात झाडाखाली बसणाऱ्या नोटरीने ते पाच मिनिटांत करून दिलं. 'मी सत्य प्रतिज्ञेवर लिहून देतो की वरील दोन्ही नावे माझीच असून सदर दोन्ही व्यक्ती एकच आहेत. हे खोटे आढळल्यास मी शिक्षेस पात्र राहीन.' नोटरीने शिक्का मारला आणि घरच्यांसाठी म्हणून एक सेल्फी घेतला. मकरंदने चार जणांची वाक्यं एकाच वेळी पाठ केलेली होती, पण 'सदर दोन्ही व्यक्ती एकच आहेत' हे वाक्य वाचताना तो दोनदा अडखळला.

*

डॉ. नेर्लेकर चाळिशीच्या, शांत बाई होत्या. त्यांनी टेबलावर एक छोटा माइक ठेवला.

"तुमच्या नेहमीच्या आवाजात बोला."

"काय बोलू?"

"काहीही. सकाळी काय खाल्लंत ते सांगा."

"सकाळी मी पोहे खाल्ले," मकरंद म्हणाला, आणि त्याला स्वतःलाच ऐकू आलं, की सकाळी पोहे खाल्लेल्या माणसाचं काम कोणीतरी बऱ्यापैकी करतोय. त्याने पुन्हा म्हटलं. आता नेहमीच्या आवाजात बोलणाऱ्या नटाचा आवाज आला. तिसऱ्यांदा म्हटलं तेव्हा त्याला घाम फुटला. नेहमीचा आवाज कुठे ठेवला होता ते त्याला आठवेना.

"राहू द्या," डॉक्टर म्हणाल्या. "आकडा एकसष्ट आलाय. सत्तरच्या खाली आहे. सत्तरपर्यंत आम्ही फक्त लक्ष ठेवतो."

मकरंदने श्वास सोडला.

"म्हणजे प्रतिज्ञापत्र नसतं तर एकसष्ट राहिला असता," त्या स्क्रीनकडे पाहत म्हणाल्या. "आता दोन्ही व्यक्ती एकच झाल्यात ना, सिस्टिमने नमुने एकत्र केलेत. अठ्ठ्याहत्तर."

"पण तो आवाज मी काढतो! मुद्दाम! ते अभिनयाचं काम आहे!"

"यंत्राला काम कळत नाही, घसा कळतो. आणि घसा एकच आहे, तसं तुम्हीच लिहून दिलंय."

"मग मी ते मागे घेतो."

"घ्या. पण स्कॅनचा नंबर अंतूरकरांच्या फाइलवर लागलाय. तो जाईल."

"स्कॅन कधी आहे?"

"पुढच्या मार्चमध्ये."

"आणि उपचाराची मुदत?"

"तीस सप्टेंबर." डॉक्टरांनी डोळ्यांवरचा चष्मा काढला. त्या वाईट नव्हत्या. दिवसाला अशी साठ माणसं त्यांच्यासमोर येत. "हे बघा, मी सरळ सांगते. तुमच्या त्वचेपासून पेशी तयार करून मेंदूत सोडतात. मूळ पेशी पुरेशा जिवंत असतील तरच नव्या तग धरतात. उशीर झाला तर त्या धरत नाहीत, मग आहेच, हात, चाल, चेहरा, गिळणं. वेळेत घेतलं तर आजार जवळजवळ थांबतो. दहातल्या चौघांना एक त्रास होतो. आवाज सपाट होतो."

"सपाट म्हणजे?"

"बोलता येतं. शब्द स्पष्ट असतात. पण त्यात चढ-उतार राहत नाही. राग, लाडीगोडी, थट्टा, सगळं एकाच पट्टीत. बाकी माणूस ठणठणीत."

"मी नट आहे, डॉक्टर."

"माहितीये," त्या म्हणाल्या. "आजार वडिलांना होता का? क्वचित येतो घरातून."

"नाही," मकरंद म्हणाला. "वडील ठणठणीत होते. जिन्यावरून पडून गेले."

*

हे वाक्य त्याला घरी जाईपर्यंत पुरलं नाही.

वडील, आप्पा हुपरीकर, पंचायत समितीच्या आरोग्य विभागात हेडक्लार्क होते. अंतूरकर त्यांच्यावरूनच घेतले होते. हे मकरंदने कधी कोणाला सांगितलं नव्हतं, कारण त्यात सांगण्यासारखं काही वाटलं नव्हतं. जो तो आपल्या बापाची नक्कल करतो, काहींना त्याचा मोबदला मिळतो.

आता तो एकेक गोष्ट उलट्या बाजूने पाहू लागला. शेवटच्या काही वर्षांत आप्पांचा चेहरा हलत नसे. कचेरीत म्हणायचे, हुपरीकरांच्या चेहऱ्यावरून साहेबाला काही कळत नाही, असा माणूस पाहिजे. ते पाय घासत चालायचे. लोक म्हणायचे, सरकारी चाल. आवाज खोल गेला होता, किंचित कापायचा. लोक म्हणायचे, किती मृदू बोलतात. आणि त्यांचं अक्षर बारीक होत गेलं, दरवर्षी थोडं आणखी बारीक, तीन पानांचा मजकूर एका पानात बसेपर्यंत. त्याबद्दल तालुका आरोग्य अधिकाऱ्यांनी त्यांना शाल आणि श्रीफळ देऊन 'लेखनसामग्री बचतीचा आदर्श' असं प्रमाणपत्र दिलं होतं. ते अजून दिवाणखान्यात होतं. ज्या आरोग्य विभागात रोज डॉक्टर येत-जात होते, तिथे एक माणूस वीतभर अंतरावर आजाराची यच्चयावत लक्षणं दाखवत होता, आणि ती सगळी सेवापुस्तकात गुण म्हणून नोंदली गेली होती.

शब्बीरभाईंच्या ध्वनिकक्षात मकरंदने आप्पांचे जुने व्हॉइस मेसेज आणले. दोन हजार वीस सालचे. 'मक्या, पोचलास का. पोचल्यावर कळव.' 'मक्या, आईचं औषध संपलं.' शब्बीरभाईंनी ते योजनेच्या तपासणीला लावले आणि शेजारी अंतूरकरांचा एक संवाद लावला. पडद्यावर दोन रेषा उमटल्या. एकीवर दुसरी ठेवली असती तर एकच दिसली असती.

"एक्क्याण्णव," शब्बीरभाई म्हणाले. "तुम्ही सत्त्याऐंशी. चार टक्के कमी पडलात."

मकरंदला हसायला आलं. "म्हणजे यंत्राने आप्पांना पकडलंय. मला नाही. मी फक्त..."

"तुम्ही फक्त नक्कल केली."

"हो!"

शब्बीरभाईंनी दुसरी फाइल उघडली. "आता हे ऐका. हे टेकच्या मधलं आहे. तुम्ही चहा मागता, एसी कमी करा म्हणता. माइक चालू असतो, मी पुसत नाही. हे पहिलं वर्ष. हे चौथं. हे परवाचं."

तीन चहा मागितले गेले. तिसऱ्या चहाच्या आवाजातली जवारी गेली होती. ते ऐकायला चार पिढ्यांचे कान लागत नव्हते.

"आजार आहे का हा?" मकरंदने विचारलं.

"नऊ वर्षं सतारीच्या एकाच पडद्यावर बोट घासलं तर तारेखाली चर पडते, मकरंदराव. ती वापराने पडलीय का लाकूड किडलंय, ते वरून कळत नाही."

"मग कशाने कळतं?"

"खोलून बघायला लागतं," शब्बीरभाई म्हणाले, आणि मग आपण काय बोललो ते लक्षात येऊन त्यांनी हेडफोनच्या वायरीची गुंडाळी करायला घेतली. बराच वेळ ते ती गुंडाळत राहिले.

*

जुलैत प्रेक्षकांसमोर चित्रीकरण होतं. पत्राचा तो भाग. रेवतीने खरंच शब्दही बदलला नव्हता. अंतूरकरांना स्वतःच्याच आजाराची नोटीस येते आणि ते स्वतःकडेच झेरॉक्स मागतात, असा प्रसंग.

मकरंद खिडकीमागे बसला. समोर तीनशे माणसं. नऊ वर्षं तो या आवाजात असा शिरे, जसा घरातल्या सपातांत पाय शिरतो. आज तो शिरला आणि आत अंधारात कोणीतरी आधीच बसलेलं आहे असं त्याला वाटलं. त्याने पत्र उचललं. कागद बोटांत फडफडला. एकदा, दोनदा, मग थांबेना.

ते संहितेत नव्हतं.

प्रेक्षकांना वाटलं, आहे. हशाची लाट आली, बाजूच्या माणसाच्या मांडीवर थापा मारत लोक हसले. मकरंदने कागद टेबलावर ठेवला, तरी हात हलत राहिला. त्याने दुसऱ्या हाताने तो धरला. हशा वाढला. पहिल्या रांगेत एक म्हातारी पदराने डोळे पुसत होती. तिच्या शेजारी बसलेला तिचा म्हातारा हसत नव्हता, कारण त्याचा चेहराच हलत नव्हता. नऊ वर्षांत असे किती चेहरे समोर बसून गेले असतील आणि आपण त्यांना अरसिक समजलो असू, हा विचार मकरंदच्या डोक्यात आला आणि त्याला पुढचं वाक्य आठवेना.

"कट!" रेवती ओरडली. "काय केलंस रे! नऊ वर्षांतला बेस्ट टेक! तो हात कुठून सुचला?"

"घाबरलो होतो," मकरंद म्हणाला.

"तेच म्हणते मी. दिसतंय ते. ग्रेट."

त्या दिवसानंतर हात पुन्हा हलला नाही. त्यामुळे मकरंदला आणखी भीती वाटली. न हलणाऱ्या हाताकडे तो दिवसभर बघत बसू लागला. हातसुद्धा आपल्याकडे बघतोय असं त्याला वाटे.

*

सप्टेंबरच्या शेवटच्या आठवड्यात त्याने शलाकाला विचारलं, "तू सांग. काय करू?"

"मी सांगणार नाही."

"का?"

"मी 'घे' म्हटलं आणि तुझा आवाज गेला, तर रोज तुझा आवाज ऐकून मला ते आठवेल. 'नको' म्हटलं आणि तू आप्पांसारखा जिन्यावरून..." ती थांबली. "मी गणितवाली आहे रे. दोन माहिती नसलेल्या गोष्टी आणि समीकरण एकच. सुटत नाही ते."

"पण तुला काय वाटतं?"

"मला वाटतं की तू माझ्याशी काहीतरी खोटं बोलावंस आणि मला ते ओळखता यावं," शलाका म्हणाली. "पूर्वी यायचं. 'उशीर झाला, रिहर्सल होती' म्हणायचास, तेव्हा लगेच कळायचं. अलीकडे कळत नाही. तू खरं बोलतोस तेव्हाही कळत नाही."

मकरंद तिला म्हणाला, "मी नाही घेणार. तो आवाज आप्पांचा आहे. यंत्राला मेलेला माणूस सापडलाय. माझी सवय आहे ती, मोडेन मी. मालिका सोडेन."

शलाकाने मान कलती करून ऐकलं. मग मान सरळ केली. "बरं," ती म्हणाली, आणि कितीतरी महिन्यांनी त्याला वाढायला उठली.

*

नकारालाही फॉर्म होता. उपचार घ्यायचा नसेल तर तीस सप्टेंबरच्या आत तसं लेखी द्यावं लागे, नाहीतर माणूस गैरहजर धरला जाई आणि स्कॅनचा नंबर जाई. तीस तारखेला सकाळी मकरंद आणि शलाका खिडकी क्रमांक तीनवर गेले. मकरंदने दाढी केली होती. येताना रिक्षात तो चक्क गुणगुणत होता.

"नकार देताय?" तांदळेबाई म्हणाल्या. "बरं केलंत. आमच्या सासूबाई म्हणत होत्या, यांचा आवाज गेला तर मी बघू काय? हं, इथे सही करा. चौकोनात. रेषेच्या बाहेर जाऊ देऊ नका, सिस्टिम घेत नाही."

मकरंदची स्वतःची सही मोठी होती. कॉलेजात असताना आरशासमोर बसवलेली, 'म'ची शेपटी 'हु'ला वेटोळं घालून परत येणारी. स्वाक्षरी मागणाऱ्यांच्या वहीचं पान ती अख्खं खाई. ते म्हणत, ही नको, अंतूरकरांची करा.

त्याने ताठ बसून, हसऱ्या चेहऱ्याने, स्वतःची सही केली. आणि मग खाली पाहिलं.

कागदावर मुंग्यांची एक छोटी रांग होती. शेपटी होती, वेटोळं होतं, सगळं होतं, पण नखावर मावेल एवढं. दिवाणखान्यातल्या प्रमाणपत्राच्या मागे आप्पांनी तारीख घातली होती, तेवढंच अक्षर.

त्याने अंतूरकरांची सही केली नव्हती. कॅमेरा नव्हता, प्रेक्षक नव्हते. तो माणूस कोणी सांगितल्याशिवाय आला होता.

"मकरंद?" शलाका म्हणाली.

त्याने फॉर्म तिच्याकडे सरकवला. तिने पाहिलं. मग तो कागद डोळ्यांजवळ नेला. आप्पांच्या हाताची वाणसामानाची यादी भिंगाखाली धरून वाचलेली सून होती ती.

"दुसरा फॉर्म द्या," मकरंद म्हणाला.

"नकाराचा? खराब झाला का?"

"नाही. संमतीचा."

त्यावरची सहीसुद्धा तेवढीच आली. आता त्याला आश्चर्य वाटलं नाही. सगळं जुळत गेलं की भीतीलाही एक प्रकारचा निवांतपणा येतो. ऑक्टोबरच्या दुसऱ्या आठवड्यात त्याला आत नेलं तेव्हा, शलाकाच्या सांगण्यावरून, तो तिच्याशी खोटं बोलला. "मला अजिबात भीती वाटत नाहीये," असं म्हणाला.

तिला ओळखता आलं. लगेच.

*

दहातल्या चौघांमध्ये तो निघाला.

आवाज स्पष्ट होता, शब्द स्वच्छ होते, आणि सगळं एका पट्टीत होतं, रेल्वे स्टेशनवरच्या सूचनेसारखं. मालिकेने त्याला काढलं नाही. चारशेहून जास्त भागांचा आवाज साठलेला होता, त्यातून यंत्र हवा तो संवाद हुबेहूब बनवून देई. मकरंद ओठ हलवे आणि वरून अंतूरकर बोलत. हशा तेवढाच येई. शब्बीरभाईंनी मात्र नोकरी सोडली आणि ते मिरजेला सतारींवर कानस फिरवायला परत गेले. जाताना ते म्हणाले, "काय नाही ओ," आणि एकदाच म्हणाले.

घरी शलाका आता तो काय बोलतो ते ऐकू लागली, कारण तो कसा बोलतो यात ऐकण्यासारखं काही उरलं नव्हतं.

मार्चमध्ये स्कॅनचा नंबर लागला. मेंदू उत्तम होता. डॉ. नेर्लेकरांनी चित्र दोनदा पाहिलं आणि अभिनंदन केलं.

"म्हणजे उपचार लागू पडला," मकरंद एका पट्टीत म्हणाला.

"किंवा आजार नव्हताच," डॉक्टर म्हणाल्या. "दोन्हीचं चित्र असंच दिसतं. आता सांगता येणार नाही."

अहवाल न्यायला तो खिडकीवर गेला. तांदळेबाईंनी अहवाल काढला आणि पोच देण्यासाठी रजिस्टर पुढे सरकवलं. "इथे सही. चौकोनात हं, बाहेर नको."

मकरंदने पेन टेकवण्याआधी पानावर नजर टाकली. सकाळपासून त्या पानावर बेचाळीस जणांनी सह्या केल्या होत्या. कापड दुकानदार, कंडक्टर, एक पैलवान, दोन वकील. सगळ्यांच्या सह्या मुंग्यांच्या रांगेसारख्या होत्या.

"इतक्या बारीक का?" त्याने विचारलं. आवाजात काहीच आलं नाही, म्हणून बाईंना तो सहज प्रश्न वाटला.

"गेल्या वर्षीपासून तसंच आहे की," त्या म्हणाल्या आणि मागच्या भिंतीवर चिकटवलेल्या कागदबचतीच्या परिपत्रकाकडे पेनाने खूण केली. "सगळ्या फॉर्मांना तेच लागू केलंय."

सहीचा चौकोन दीड सेंटिमीटरचा होता.